घराच्या वहीत कॅमेऱ्याचं पान

पावसाचं गणित सोपं आहे. एक चौरस मीटर छपरावर एक मिलिमीटर पाऊस पडला की एक लिटर पाणी. छप्पर ८० चौरस मीटरचं आणि वर्षाचा पाऊस १,००० मिलिमीटर धरला तर ८०,००० लिटर. पहिल्या सरीचं मळकं पाणी सोडून द्यायचं, काही पन्हाळीबाहेर उडतं, काही तापल्या पत्र्यावरच वाफ होऊन जातं. वीस टक्के गेले. राहिले ६४,०००. चार माणसांचं घर, माणशी दिवसाला ५० लिटर, म्हणजे रोजचे २००. तेवढी मोठी टाकी असली तर हे पाणी ३२० दिवस पुरतं. उरलेल्या पंचेचाळीस दिवसांचं काय करायचं, यात त्या घराची सगळी हुशारी खर्च होत असते.

आता या घरात दोन माणसं कॅमेरा घेऊन येतात. वर्षभरात सहा-सहा दिवसांच्या दहा फेऱ्या, म्हणजे साठ दिवस. पाणी तेच, माणशी ५० लिटर. एका फेरीत ६००, वर्षाला ६,०००. घराच्या भाषेत हे तीस दिवस झाले. स्वतःच्या पाण्यावर जगणाऱ्या कुटुंबाची फिल्म करताना त्यांचा महिनाभराचा साठा फिल्मवाल्यांनीच पिऊन टाकला, आणि पडद्यावर त्याची कुठे नोंदही नाही.

वीज, पाणी, सरपण, धान्य हे सगळं स्वतः उभं करणारं घर बाहेरून बघणाऱ्याला निवांत वाटतं. आत मात्र ते घर सतत हिशेब करत असतं. टाकीत किती, बॅटरीत किती, लाकडं कुठवर आली, कणगीचा तळ कधी दिसणार. काही घरांत याची वही असते, काही घरांत ती डोक्यात असते. अशा घरात कॅमेरा घेऊन जाणाऱ्याने दोन गोष्टी केल्या तरी खूप झालं: आपण या वहीत नावे पडणार आहोत हे ओळखून ती रक्कम होईल तेवढी भरून द्यायची, आणि मग ती वहीच चित्रित करायची. बाकी धुक्यातली सकाळ आणि चुलीचा धूर कोणालाही सापडतो.

पाण्याची भरपाई तशी सोपी. गाडी जाते तिथवर दर फेरीला २० लिटरचे कॅन न्यायचे, पिण्याचं आणि स्वयंपाकाचं पाणी आपलं. अंघोळ एका बादलीची. साबण मात्र घरात वापरतात तोच वापरायचा. अंघोळीचं आणि धुण्याचं पाणी अशा घरात बहुधा झाडांना जातं, आणि आपल्या शाम्पूतलं, कपड्यांच्या पावडरीतलं सोडियम नि बोरॉन मातीत साठत राहतं. कोरडा संडास असेल तर पहिल्याच दिवशी त्याची रीत विचारून घ्यावी, लाजू नये. दोन माणसं वाढली की लाकडाचा भुसा दीडपट लागतो आणि खड्डा ठरल्याआधी भरतो. भुशाचं एक पोतं सोबत नेलेलं दहा भेटवस्तूंपेक्षा बरं.

विजेचा हिशेब जरा किचकट आहे, आणि बहुतेकांची चूक इथेच होते. मिररलेस कॅमेऱ्याची एक बॅटरी साधारण १६ वॉट-अवर धरते (एक वॉटचं उपकरण तासभर चाललं की एक वॉट-अवर). दिवसाला पाच बॅटऱ्या म्हणजे ८०. आवाजाचा रेकॉर्डर आणि वायरलेस माईक मिळून १५. संध्याकाळी लॅपटॉप आणि डिस्क दोन तास चालल्या, ४० वॉटने, की आणखी ८०. फोन, टॉर्च, किरकोळ २५. झाले २००. चार्जरमधली गळती धरली की २४० वॉट-अवर. शहरात हा आकडा कोणी ढुंकून बघणार नाही. पण घराकडे १२ व्होल्ट, २०० अँपिअर-अवरची लेड-ॲसिड बॅटरी असेल तर तिच्यात कागदावर २,४०० वॉट-अवर असतात आणि तब्येत सांभाळायची तर त्यातले निम्मेच काढायचे. वापरायला १,२००. त्यातला पाचवा हिस्सा कॅमेऱ्याला दिला तर रात्रीच्या दिव्यांना किंवा पहाटेच्या पंपाला काहीतरी कमी पडणारच. घरचे पाहुण्याला नाही म्हणत नाहीत, म्हणून हे आपणच आधी कळून घ्यायचं.

स्वतःची सोय अशी असावी: १०० वॉटचं घडीचं पॅनेल आणि ५०० वॉट-अवरची लिथियम बॅटरीपेटी. चांगल्या उन्हात हे पॅनेल दिवसाला साधारण ३०० वॉट-अवर देतं, म्हणजे रोजचा खर्च निघतो. दाट ढगांत तेच ५०–६० वर येतं. पेटी भरलेली असली की असे दोन दिवस निघतात. तिसऱ्या दिवशीही ऊन नसेल तर शूटिंग कमी करायचं. घरातली माणसंही त्या दिवशी तेच करत असतात. पेटीतून २३० व्होल्टचा इन्व्हर्टर चालवून त्यावर चार्जर लावण्यात अर्थ नाही, कारण इन्व्हर्टर नुसता चालू ठेवायलाच ५ ते १५ वॉट खातो. यूएसबी-सी किंवा १२ व्होल्टवर चालणारे चार्जर घ्यावेत. विमानाने जायचं असेल तर १६० वॉट-अवरच्या वरची बॅटरी प्रवासी विमानात घेत नाहीत, १०० च्या आतली हातातल्या सामानात चालते. मग एका मोठ्या पेटीऐवजी ९८ वॉट-अवरच्या दोन-तीन सुट्या विटा बऱ्या.

तरीही घराची वीज घ्यायची वेळ आली तर तिला एक मुहूर्त असतो. पॅनेलची वीज बॅटरीत बेताने सोडणारा चार्ज कंट्रोलर असतो, त्यावर बघायचं. सकाळपासून बॅटरी भरत असते, व्होल्टेज १४.४ च्या आसपास चढतं, आणि दुपारी कधीतरी कंट्रोलर ‘फ्लोट’वर येतो, १३.५ ते १३.८. आता बॅटरी भरली आहे आणि पॅनेलवरचं पुढचं ऊन वाया चाललं आहे. ही वीज कोणाचीच नसते, ती घ्यावी. त्याआधी घेतली तर लेड-ॲसिड बॅटरी अर्धवट भरलेली राहते. असं आठवडाभर झालं की प्लेटांवर सल्फेटचे खडे धरतात आणि बॅटरीची ताकद कायमची उतरते. दोन दिवसांची उसनी वीज पुढच्या वर्षी नव्या बॅटरीच्या रूपाने वसूल होते, आणि तेव्हा तिथे फिल्मवाला नसतो.

थंड प्रदेशात दोन गोष्टी जास्तीच्या. शून्य अंशाखाली लिथियम बॅटरी चार्ज करायची नाही, आत धातूचा थर बसून ती बिघडते. आणि बाहेरचा गार कॅमेरा तसाच चुलीजवळ आणला की लेन्सच्या आतपर्यंत दव धरतं. बाहेरच पिशवीत घालून पिशवी बंद करायची, मग घरात आणायची आणि तास-दोन तास उघडायची नाही. दमट हवेत उलटा त्रास, बुरशीचा. हवाबंद डबा आणि सिलिका जेल, आणि ते जेल ओलं झालं की तव्यावर मंद आचेवर पुन्हा सुकवणं.

उजेडाचा प्रश्न जुना आहे, आणि त्याचं सगळ्यात प्रसिद्ध उत्तर लबाडीचं आहे. रॉबर्ट फ्लाहर्टी यांनी १९२२ साली ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ प्रदर्शित केली. बर्फाळ मुलखात स्वतःच्या शिकारीवर जगणाऱ्या एका इनुइट कुटुंबाची ही फिल्म माहितीपटांच्या इतिहासात पहिल्या ओळीत बसते. इग्लूच्या आत त्या काळच्या कॅमेऱ्याला पुरेल एवढा उजेड नव्हता आणि कॅमेरा मावायला जागाही नव्हती. म्हणून नेहमीपेक्षा मोठा इग्लू बांधला आणि त्याची एक बाजू कापून टाकली. पडद्यावर ते कुटुंब उबेत झोपायची तयारी करतं, प्रत्यक्षात ते उघड्या थंडीत होतं. नायकाचं नाव नानूक नव्हतं, अल्लाकारिअल्लाक होतं. आणि बंदुका माहीत असलेली ही माणसं पडद्यावर भाल्याने शिकार करतात. पुढे १९३४ च्या ‘मॅन ऑफ अरान’मध्ये फ्लाहर्टींनी एकमेकांच्या नात्यात नसलेली माणसं निवडून कुटुंब उभं केलं आणि कित्येक दशकांपूर्वी बंद पडलेली शार्कची शिकार बेटावरच्या लोकांना नव्याने शिकवून करवून घेतली. या दोन फिल्म्स सुंदर नाहीत असं म्हणणं खोटेपणाचं होईल. पण कॅमेऱ्याच्या सोयीसाठी घराची भिंत कापायची की नाही, हा प्रश्न तेव्हापासून या विषयाला चिकटलेला आहे. आज भिंत कापावी लागत नाही. “जरा तो प्लॅस्टिकचा पिंप बाजूला घेता का” एवढंच म्हटलं तरी तेच काम होतं.

आजचा कॅमेरा एका पाच वॉटच्या दिव्यात बघू शकतो, फक्त लेन्स मोठ्या तोंडाची हवी. एफचा आकडा लहान तेवढं तोंड मोठं: एफ/४ च्या झूमपेक्षा एफ/१.४ ची लेन्स आठपट उजेड आत घेते. त्याची किंमत फोकसमध्ये द्यावी लागते: ३५ मिलिमीटरची लेन्स, दीड मीटरवर माणूस, तर जेमतेम १५ सेंटीमीटरचा पट्टा स्पष्ट दिसतो. कणीक मळणारी माणसं पुढेमागे हलतात, तेव्हा एफ/२ वर थांबलेलं बरं. दिवसा दारासमोर जमिनीवर पांढरी चादर टाकली तरी आतल्या चेहऱ्यावर पुरेसा उजेड उसळतो. ती चादर घरचीच असते आणि तिला वीज लागत नाही. कंदील किंवा मेणबत्ती १,९०० केल्व्हिनच्या आसपास जळते, बऱ्याच कॅमेऱ्यांची सेटिंग २,५०० च्या खाली जात नाही. जाऊ नये तेच छान, कंदिलाखालचा चेहरा केशरीच दिसायला हवा.

खरी डोकेदुखी १२ व्होल्टच्या एलईडीची. डिमर लावलेला असला की तो दिवा सेकंदाला शेकडो वेळा उघडझाप करून मंद होतो. डोळ्याला कळत नाही, कॅमेऱ्यात मात्र आडवे पट्टे सरकत राहतात. सेकंदाला २५ फ्रेम्स असताना शटर १/५० सेकंद ठेवून बघायचं, मग १/६०, १/१००. स्वस्त डिमरची गती कुठल्याच आकड्यात बसत नाही, मग सरळ डिमर पूर्ण उघडायचा, पट्टे जातात. तेवढा वेळ दिवा जास्त वीज खातो, ती मागच्या हिशेबात धरावी. हे सगळं पहिल्या संध्याकाळीच प्रत्येक दिव्याखाली तपासून टाकायचं. एडिटच्या टेबलावर पट्टे दिसले तर त्याला औषध नाही.

आवाज हा या फिल्मचा अर्धा जीव आहे, किंबहुना जास्तच. अशा घरी गेल्यावर पहिला तास वाटतं, किती शांतता. हेडफोन लावला की कळतं. इन्व्हर्टरचा पंखा, त्याच्या ट्रान्सफॉर्मरची १०० हर्ट्झची घरघर, कंट्रोलरची बारीक शिट्टी, फ्रिजचा कॉम्प्रेसर. ओबडधोबड लहरीची वीज देणारा, ‘मॉडिफाइड साइन-वेव्ह’चा जुना इन्व्हर्टर असेल तर चार्जरही गुणगुणतात. वायरलेस माईकचा रिसीव्हर चार्ज कंट्रोलरपासून दोन-तीन मीटर लांब ठेवला नाही तर त्यात खरखर शिरते. मुलाखतीपुरता फ्रिज बंद करायला सांगितला तर आपल्या गाडीची किल्ली त्यात ठेवून द्यावी. फ्रिज चालू केल्याशिवाय निघताच येणार नाही. वीस मिनिटांच्या वर बंद ठेवू नये. आतल्या थंडाव्यासाठी कालचं ऊन खर्ची पडलेलं असतं. पत्र्याच्या छपरावर पाऊस सुरू झाला की मुलाखत विसरावी आणि तो पाऊसच नीट घ्यावा, टाकीत पडणाऱ्या धारेसकट. टाकी रिकामी असतानाचा तो पोकळ आवाज भरत आल्यावर बदलत जातो. तीन महिन्यांच्या अंतराने घेतलेले हे दोन आवाज एकमेकांशेजारी ठेवले तर निवेदनाची चार वाक्यं वाचतात.

ओढ्याच्या उतारावर रॅम पंप असलेल्या घरांत तर आवाजच घड्याळ असतो. उतारावरून पाइपातून पाणी वेगाने येतं, झडप खाड्कन मिटते, त्या धक्क्याने थोडं पाणी वरच्या टाकीकडे ढकललं जातं. वीज नाही, डिझेल नाही. आलेल्या पाण्यातला साधारण दहावा हिस्सा वर चढतो, बाकीचं ओढ्यात परत. मिनिटाला चाळीस ते साठ ठोके, रात्रंदिवस. पंपाच्या डोक्यावर हवेची कोठी असते, ती धक्का झेलते. हळूहळू ती हवा पाण्यात विरघळते, कोठी पाण्याने भरते, आणि ठोका बोथट ‘टक’ऐवजी धातूवर धातू आपटल्यासारखा कडक होतो. तसाच चालू ठेवला तर सांधा फुटतो. त्या घरातलं माणूस हा फरक अंथरुणात पडल्या पडल्या ओळखतं आणि टॉर्च घेऊन निघतं. हा प्रसंग मिळवायचा तर आधी पंधरा दिवस नुसता नीट चाललेला ठोका रेकॉर्ड केलेला हवा, नाहीतर बिघडलेला ठोका प्रेक्षकाला ओळखू कसा येणार?

माईक कुठले, हे फार महत्त्वाचं नाही. वाऱ्यासाठी केसाळ टोपी हवीच, आणि ८० हर्ट्झखालचं कापलेलं बरं. बोलणं रेकॉर्डरच्या मीटरवर उणे १२ डेसिबलच्या आसपास. कुऱ्हाडीच्या घावाला हा हिशेब पुरत नाही, पहिल्याच घावाला आवाज फाटतो. ३२-बिट फ्लोटचा रेकॉर्डर असेल तर ती काळजी मिटते. कॉलरचा माईक दिवसभर लावला की माणसं तो विसरतात आणि नवरा-बायकोचं भांडण, उधारी, शेजाऱ्याविषयीचं मत सगळं टेपवर येतं. म्हणून माईक बंद करायची कळ त्यांना पहिल्या दिवशी शिकवायची, आणि त्यांनी ती दाबली की कारण विचारायचं नाही.

फुटेजबद्दल थोडक्यात. सेकंदाला १०० मेगाबिटने ४के चित्रित केलं तर तासाला ४५ जीबी. दिवसाला तीन तास, १३५ जीबी. साठ दिवसांचे आठ टीबीहून थोडे जास्त, आणि प्रत्येक गोष्टीच्या दोन प्रती. फिरत्या डिस्कवर एक दिवस उतरवायला वीस मिनिटं, एसएसडीवर सहा-सात. इथे वेग म्हणजे वीज, म्हणून शूटिंगच्या जागी एसएसडी. दोन प्रती होऊन तपासल्याशिवाय कार्ड पुसायचं नाही, आणि तिसरी प्रत फेरी संपताना घराबाहेर गेली पाहिजे. टोरांटोमध्ये १९१६ साली फ्लाहर्टींच्या सिगारेटच्या ठिणगीने त्यांची हजारो फूट निगेटिव्ह जळून गेली होती. आज डिस्क तशी भडकत नाही, पण मांजर ती टेबलावरून खाली पाडतं.

आता वही. म्हणजे खरं चित्रण.

रोज सकाळी, घर जागं होताना, चार ठिकाणी दहा-दहा सेकंदांचे चार शॉट घ्यावेत. टाकीच्या बाजूची पारदर्शक नळी. बॅटरीचं व्होल्टेज. लाकडांची रास, तिच्या मागच्या भिंतीवर खडूने रेघ मारलेली. धान्याच्या पिंपाचं तोंड. जागा तीच, लेन्स तीच, उंची तीच. यासाठी जमिनीत लोखंडी गज पुरून त्यावर कॅमेऱ्याची पट्टी बसवून ठेवली तर उत्तम; नाहीतर पहिल्या फ्रेमची छापील प्रत जवळ ठेवून जुळवायचं. कंटाळवाणं काम आहे आणि पहिल्या दोन फेऱ्यांत याचं महत्त्व अजिबात पटत नाही. सातव्या फेरीला भिंतीवरच्या रेघेखाली नुसती भिंत दिसायला लागते, तेव्हा पटतं. लेड-ॲसिड बॅटरी पहाटे शांत असताना १२.७ दाखवत असेल तर भरलेली, १२.२ म्हणजे निम्मी. पहाटेचा १२.१ पाहून घरातली बाई पंपाचं बटण न दाबता बादली उचलते. तेवढ्या एका हालचालीत अख्खी ऊर्जाव्यवस्था आहे, पण आधी आकडा दाखवलेला असेल तरच.

कामं चित्रित करताना पहिला नियम: पुन्हा करायला सांगायचं नाही. दूध पुन्हा काढता येत नाही, पेरलेलं बी पुन्हा पेरायचं म्हणजे बी वाया, फोडलेला ओंडका फोडून झाला. फार तर दारातून आत येणं पुन्हा मागावं, त्याला काही खर्च नाही. मग एकाच कॅमेऱ्याने तुकडे कसे जुळवायचे? घरातलं काम रोज असतं. आज दुरून, उद्या हात, परवा चेहरा. कपडे जुळत नाहीत ही ओरड एडिटरची. प्रेक्षक हाताकडे बघत असतो. आणि काम संपलं की कॅमेरा दहा सेकंद तसाच ठेवायचा. माणूस काम संपल्यावर त्या कामाकडे एकदा बघतो, ते बघणं बहुतेक वेळा कापलं जातं कारण ते घेतलेलंच नसतं.

काही कामं एका वर्षात मावत नाहीत. चुलीचं लाकूड नीट जळायला त्यातला ओलावा २० टक्क्यांच्या खाली यावा लागतो, त्याला बहुतेक लाकडांना वर्ष तरी जातं. म्हणजे आज फोडलेलं पुढच्या हिवाळ्यात जळणार. वर्षभराच्या फिल्मला हे दाखवता येत नाही. पण गेल्या वर्षीची करडी रास आणि या वर्षीची पिवळी, दोन्ही एका फ्रेममध्ये घेतल्या की काम भागतं. ओल्या-सुक्या ओंडक्यांचे एकमेकांवर आपटल्याचे आवाजही वेगळे असतात. सुकं लाकूड खणखणतं.

बिघाड सोडू नयेत. उंदराने कुरतडलेली वायर, पानं अडकून तुंबलेली पन्हाळ, पॅनेलवर धूळ बसून घटलेली वीज, थंडीत बसलेला गोबरगॅस. गॅसच्या टाकीला रोज शेण आणि पाणी समसमान लागतं आणि ऊबही लागते. तापमान १५ अंशांच्या खाली राहिलं की आतले जिवाणू जवळपास संप करतात, शेण कितीही घाला. मग पुन्हा सरपण, म्हणजे भिंतीवरची रेघ पुन्हा खाली. एक गोष्ट बिघडली की तिचा भार दुसरीवर कसा सरकतो, हे अशा आठवड्यात दिसतं. पण बिघाडाच्या वेळी दोघांनीही कॅमेऱ्यामागे उभं राहणं बरं दिसत नाही. एकाने चित्रित करावं, दुसऱ्याने टॉर्च धरावी.

फेऱ्या कधी ठेवायच्या यात मोठा मोह असतो. कापणी, पहिला पाऊस, वासराचा जन्म, या तारखा सगळे आधी धरतात. जुनं संपत आलेलं आणि नवं अजून हाताशी नाही अशा आठवड्यांत कोणी जात नाही, कारण दिसायला काही नसतं. तीच भाजी तिसऱ्यांदा, अंगण धुळीचं, माणसं चिडकी. दहातल्या दोन फेऱ्या तरी तेव्हाच्या असाव्यात. साठवण म्हणजे काय हे ती संपत आल्यावरच दिसतं. तेव्हाचे प्रश्नही साधे असावेत. “शहर का सोडलं?” याला प्रत्येकाकडे पाठ झालेलं उत्तर असतं. “गेल्या आठवड्यात काय संपलं, आणि मग काय केलंत?” याला पाठ उत्तर नसतं. हा प्रश्न हात कामात असताना विचारावा.

वहीची दुसरी बाजू म्हणजे बाहेरून येणारं. मीठ, औषधं, करवतीचं पातं, पाइपाचे सांधे, पॅनेल, बॅटरी, मुलांची पुस्तकं, फोनचा रिचार्ज. फळीवर ठेवलेल्या या वस्तूंचा एक सावकाश शॉट फिल्ममध्ये नसेल तर फिल्म अर्धवट आहे, माझ्या मते अप्रामाणिक आहे. संपूर्ण स्वयंपूर्ण घर कुठेच नसतं, आणि तिथे राहणारी माणसं तसा दावाही क्वचितच करतात. तो दावा पोस्टरवर येतो. घरात पैसे कुठून येतात हेही असावं. कुटुंब स्वतःचे व्हिडिओ टाकून त्यावर कमावत असेल तर कॅमेरा त्या घरातलं शेतीसारखंच एक अवजार आहे, आणि तोही चित्रात यायला हवा.

फिल्मवाल्यांनी कुटुंबाला पैसे द्यावेत का, यावर वाद घालणारे घालोत. राहणं, जेवण, पाणी, वीज, मोडलेला दिवस यांचे द्यावेत, आणि आधी लिहून द्यावेत. अमुक काम अमुक वेळी करून दाखवण्याचे देऊ नयेत. दुसऱ्या प्रकारचे पैसे सुरू झाले की कोंबड्या कॅमेऱ्याच्या वेळेला सोडल्या जातात.

संमतीचा कागद एकदा सही करून संपत नाही. मुलांच्या बाबतीत तर नाहीच. सहा वर्षांचं मूल होकार देतं कारण कॅमेरा मजेचा असतो. सोळाव्या वर्षी त्याच मुलाला त्याचा संडासाच्या बादलीसोबतचा शॉट जगभर फिरलेला आवडेलच असं नाही. दर फेरीला पुन्हा विचारायचं आणि अंघोळ, आजारपण, रडणं हे कार्डावर आलं तरी मुलं मोठी होईपर्यंत बाहेर काढायचं नाही. जागाही लपवावी लागते. फाइलीतली जीपीएसची नोंद बंद करणं सोपं, पण ड्रोनच्या एका गिरकीत डोंगराची कड, रस्त्याचं वळण आणि छपराचा रंग येतो, आणि तेवढ्यावरून घर शोधणारे लोक असतात. फिल्म गाजली की आगंतुक पाहुणे दारात उभे राहतात, प्रत्येकी ५० लिटर. ड्रोनचा आणखी एक दोष, कोंबड्या त्याला ससाणा समजतात. वर्षात एक-दोन उड्डाणं खूप झाली.

साठ दिवसांचं तीन-तीन तासांनी १८० तास फुटेज होतं. दीड तासाच्या फिल्मसाठी हे १२० ला एक पडलं. रोज रात्री पंधरा मिनिटं कागदावर नोंद केली नसेल तर यात माणूस हरवतो: तारीख, कार्डाचा नंबर, काय घडलं, टाकी, व्होल्टेज. एडिट करताना ऋतूंच्या क्रमाने जाण्याची सवय असते. त्याऐवजी भांडी भरतात आणि रिकामी होतात त्या क्रमाने लावून पाहावं, वर्ष आपोआप उलगडतं. घर बांधण्याचं, विहीर खणण्याचं काम तीस सेकंदांच्या टायमलॅप्समध्ये बसवायचा मोह टाळावा. त्यात फक्त घर दिसतं, पाठ दुखलेली दिसत नाही. संगीत कमी. सगळं सोनेरी करणारं कलर ग्रेडिंग तर नकोच. दुपार दुपारसारखी पांढरीच असू द्यावी.

रफ कट, म्हणजे फिल्मची पहिली कच्ची जुळणी, कुटुंबाला दाखवायचा, तथ्यांच्या चुका आणि सुरक्षिततेच्या गोष्टी त्यांनी सांगायच्या. यासाठी लिंक पाठवून उपयोग नाही, फाइल पेनड्राइव्हवर घेऊन जावी, फुल एचडी, त्यांच्या यंत्रावर चालेल अशी. ५० वॉटच्या टीव्हीवर दीड तास म्हणजे ७५ वॉट-अवर. मध्ये मध्ये थांबवून, मागे जाऊन, “हे तेव्हाचं नाही, त्याआधीचं” असं म्हणत बघतात, त्यामुळे दीडशे धरावेत. दुपारची वेळ ठरवावी. कंट्रोलर फ्लोटवर आला की खिडक्यांवर चादरी लावायच्या आणि टीव्ही सुरू करायचा.